रशियातले ज्यू वैज्ञानिक-कलावंत: नावांच्या यादीऐवजी दारं, रकाने आणि आडवाटा

अनुस्वार

रशियन ज्यू म्हटलं की एक ठरावीक यादी फिरते: भौतिकीवाला लांडाऊ, कादंबरीकार पास्तरनाक, व्हायोलिनवादक ऑइस्त्राख, बुद्धिबळपटू बोत्विनिक, कवी ब्रॉडस्की, दोन पेरेलमन. यादी खोटी नाही, पण तिच्यावरून कळत काहीच नाही. हा माणूस त्या शहरात राहू कसा शकला, त्या कॉलेजात प्रवेश कसा मिळाला, हे विचारलं की प्रत्येक नाव वेगळं दिसायला लागतं. धागा त्यासाठी. नुसती नावं टाकू नका. नाव टाकलंत तर साल आणि 'कुठल्या दाराने आत आला' तेही लिहा.

झारशाहीपासून सुरू करतो. १७९१ पासून ज्यूंना साम्राज्याच्या पश्चिम पट्ट्यातच राहायची मुभा होती. बाहेर राहायचं तर परवाना हवा. तो मिळे पहिल्या श्रेणीच्या व्यापाऱ्याला, विद्यापीठाच्या पदवीधराला, नोंदणीकृत कारागिराला आणि अशाच काही मोजक्या वर्गांना. पदवी घेतली की परवाना मिळतो म्हटल्यावर पोरं शाळा-कॉलेजांकडे धावली, आणि १८८७ मध्ये सरकारने तिथेच बूच मारलं: ज्यू विद्यार्थी पट्ट्याच्या आत १० टक्के, बाहेर ५ टक्के, पीटर्सबर्ग आणि मॉस्कोत ३ टक्के. ओडेसात लोकसंख्येचा तिसरा हिस्सा ज्यू आणि जागा दहातली एक, असं ते गणित.

या नियमाला बगल द्यायचे दोन मार्ग पाहा. कवी ओसिप मंडेलस्टाम १९११ मध्ये वीबोर्गच्या मेथडिस्ट चर्चमध्ये बाप्तिस्मा घेऊन आला आणि त्याच वर्षी पीटर्सबर्ग विद्यापीठात दाखल झाला. टक्केवारी धर्मावर होती, त्यामुळे कागदावरचा धर्म बदलला की प्रश्न मिटला. मेथडिस्ट का, तर ऑर्थोडॉक्स चर्चपेक्षा ते काम कमी कटकटीचं. दुसरा मार्ग व्हायोलिनवादक याशा हाइफेट्झचा. पीटर्सबर्ग कॉन्झर्व्हेटरीच्या विद्यार्थ्याला शहरात राहायचा हक्क होता, त्याच्या आईबापांना नव्हता. पोरगं नऊ-दहा वर्षांचं, एकटं राहणार कसं? तेव्हा गुरू लिओपोल्ड आउअर यांनी चाळिशीच्या बापालाच आपल्या वर्गात विद्यार्थी म्हणून नोंदवून घेतलं. आउअरने हे स्वतः लिहून ठेवलंय.

चित्रकार लेवितानचं मात्र काही चाललं नाही. रशियन निसर्गचित्र म्हटलं की आजही पहिलं नाव त्याचं निघतं, आणि त्याच माणसाला १८७९ मध्ये आणि पुन्हा १८९२ मध्ये ज्यू म्हणून मॉस्कोबाहेर काढलं. दुसऱ्या वेळी तर तो नावाजलेला चित्रकार होता. ओळखीपाळखीच्या लोकांनी खटपट करून त्याला परत आणलं.

परळकर

मग आपल्या परळच्या हाफकिनपासूनच सुरुवात व्हायला हवी होती. व्लादिमिर (घरचं नाव मोर्देकाय) हाफकिन, जन्म ओडेसा, १८६०. 'हाफकिनला जाऊन लस घेतली' म्हणणाऱ्या किती मुंबईकरांना हे माणसाचं नाव आहे हे माहीत असतं कोण जाणे.

ओडेसा विद्यापीठात तो प्राणिशास्त्रज्ञ इल्या मेचनिकोव्हचा विद्यार्थी. १८८१ च्या दंगलीत ज्यू वस्तीच्या बचावपथकात होता, जखमी झाला, अटकही झाली. मेचनिकोव्हने मधे पडून सोडवलं. पुढे विद्यापीठात बढती हवी तर ऑर्थोडॉक्स व्हा, असं सुचवलं गेलं. याने नाही म्हटलं. मग ओडेसाच्या प्राणिसंग्रहालयात (म्हणजे म्युझियममध्ये, राणीच्या बागेसारख्या ठिकाणी नव्हे) काम, १८८८ मध्ये जिनिव्हा, आणि पुढच्या वर्षी पॅरिसला पाश्चर इन्स्टिट्यूटमध्ये. जागा कसली मिळाली, तर ग्रंथपालाची. प्रयोग फावल्या वेळात. १८ जुलै १८९२ रोजी कॉलराची लस स्वतःला टोचून घेतली. रशियाला ती नको होती, म्हणून १८९३ मध्ये ब्रिटिशांच्या परवानगीने कलकत्त्याला.

मुंबईत प्लेग आहे हे सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवीत ओळखलं ते डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी, मूळ गोव्यातल्या हडफड्याचे. ऑक्टोबरात हाफकिन आला. ग्रँट मेडिकल कॉलेजात एक खोली, एक व्हरांडा, एक कारकून, तीन शिपाई. एवढ्यावर तीन महिन्यांत लस उभी राहिली. ती बनायची कशी हे मराठीत फारसं कुणी लिहीत नाही, म्हणून सविस्तर:

मोठ्या चंबूत मांसाचा पातळ रस्सा, वर तुपाचे थेंब तरंगत सोडलेले. हो, आपलं तूपच. प्लेगचे जंतू त्या थेंबांच्या बुडाला धरून वाढतात आणि खाली रश्श्यात लोंबत जातात, गुहेच्या छतावरून चुनखडीचे झुंबर लोंबतात तसे. चंबू हलवला की लोंबकळणारे धागे तुटून तळाशी बसतात आणि वर नवे फुटतात. असं पाच-सहा आठवडे. यात दोन फायदे. माल भरपूर मिळतो. आणि भेसळ लगेच दिसते, कारण दुसरे जंतू असे झुंबर धरत नाहीत, रस्सा गढूळ करतात. मात्र चंबू हलत्या टेबलावर ठेवला तर झुंबर धरतच नाही आणि मग शुद्धतेची ही खूणच हातची जाते. तयार वाढ ६५ ते ७० अंश सेल्सियसला तासभर तापवायची, जंतू मरतात, मग अर्धा टक्का कार्बोलिक अ‍ॅसिड. तापमान फार चढवलं तर जंतूंसोबत लसीचा गुणही जातो, कमी पडलं तर जिवंत प्लेग टोचला जाईल.

१० जानेवारी १८९७ ला त्याने स्वतःला १० घनसेंटिमीटर टोचून घेतले, पुढे लोकांना देत त्याच्या तीन-चार पट. ताप आला, उतरला. त्याच महिन्यात भायखळ्याच्या तुरुंगात कैद्यांनी स्वेच्छेने लस घेतली आणि न घेतलेल्यांशी तुलना करता आली. आगाखानांनी आपली इमारत दिली आणि खोजा समाजात हजारोंनी लस घेतली. १८९९ मध्ये प्रयोगशाळा परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसमध्ये गेली, ती आजही तिथेच.

गोदाकाठ

आणि मुलकोवाल? त्याशिवाय हाफकिन पूर्ण होत नाही.

परळकर

बरोबर. ३० ऑक्टोबर १९०२, पंजाबातलं मुलकोवाल गाव. त्या दिवशी १०७ जणांना लस दिली. एका बाटलीतून (क्रमांक ५३ एन) ज्यांना दिली ते १९ जण धनुर्वाताने गेले. चौकशी आयोगाने ठपका परळवर ठेवला. कारण असं की हाफकिनने उत्पादन वाढवायला कार्बोलिक अ‍ॅसिड वगळून केवळ उष्णतेवर निर्जंतुकीकरण सुरू केलं होतं. पाश्चर इन्स्टिट्यूटमध्ये ते रुळलेलं होतं, पण इंग्रज डॉक्टरांना पटत नव्हतं. त्याला पदावरून दूर केलं.

पुढे कागद तपासले तेव्हा दिसलं की गावात बाटली उघडताना मदतनिसाच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो नीट जंतुरहित न करता वापरला गेला. दुसरा मुद्दा वासाचा. बाटली भरून ४१ दिवस झाले होते. धनुर्वाताचे जंतू आत एवढे दिवस वाढले असते तर उघडताच घाण वास आला असता. उघडणाऱ्या डॉक्टरने वास घेऊन पाहिला होता, तसं काही नव्हतं. म्हणजे जंतू गेले ते उघडताना. रोनाल्ड रॉससह दहा जंतुशास्त्रज्ञांचं पत्र जुलै १९०७ मध्ये लंडनच्या टाइम्समध्ये आलं आणि वर्षअखेर ठपका गेला. मुंबईची जागा काही परत मिळाली नाही, कलकत्त्याला पाठवलं. प्रयोगशाळेला त्याचं नाव लागलं ते १९२५ मध्ये.

लघुकोन

हाफकिन उत्तम. एक यादी-दुरुस्ती करून ठेवतो, कारण हे लोण नेहमी पसरतं: भौतिकीतले कापित्सा ज्यू नव्हते, ताम नव्हते, सखारोव्ह नव्हते, गणितातले कोल्मोगोरोव्ह नव्हते. मेचनिकोव्हची आई ज्यू घराण्यातली, तो स्वतः तसा वाढलेला नाही. रुबिनस्टाइन बंधू (अंतोनने १८६२ मध्ये पीटर्सबर्गची कॉन्झर्व्हेटरी काढली, निकोलायने १८६६ मध्ये मॉस्कोची) लहानपणीच बाप्तिस्मा झालेले. याकोव्ह पेरेलमन (मनोरंजक भौतिकीवाले, लेनिनग्राडच्या वेढ्यात १९४२ मध्ये वारले) आणि ग्रिगोरी पेरेलमन (गणितातलं प्वाँकारे अनुमान सिद्ध करणारा) यांचं नातं नाही.

तिरकस_रेघ

सोव्हिएत काळातल्या 'दारा'वर लिहितो. १९३२ पासून अंतर्गत पासपोर्टवर राष्ट्रीयत्व (नागरिकत्व नव्हे, वांशिक ओळख: रशियन, ज्यू वगैरे) लिहिलेलं असे, आणि नोकरी-प्रवेशाच्या फॉर्मवर ते पाचव्या रकान्यात येई. म्हणून 'पाचवा रकाना' हाच बोलीतला शब्द. आईबाप दोन वेगळ्या राष्ट्रीयत्वांचे असतील तर सोळाव्या वर्षी त्यातलं एक निवडता येई. पण मुलाखतीत आडनाव आणि वडिलांचं नाव सांगणारं पितृनाव दिसतंच, त्यामुळे 'रशियन' लिहून सगळे सुटत नसत.

याचा सर्वात नीट नोंदलेला नमुना म्हणजे मॉस्को विद्यापीठाचा गणित विभाग, तिकडच्या भाषेत मेखमात, साधारण १९७० ते १९८८. परीक्षा चार: गणित लेखी, गणित तोंडी, भौतिकी, रशियन निबंध. लेखीत नाव झाकता येतं, म्हणून खेळ तोंडीत होई. नको असलेल्या उमेदवारांना वेगळ्या खोलीत बसवत. आधी नेहमीचं तिकीट (उमेदवाराने उचलायची प्रश्नांची चिठ्ठी), दोन प्रश्न. ते आले की 'जादा प्रश्न'. एक सोडवलास तर दुसरा. न सुटेपर्यंत. या प्रश्नांना विद्यार्थी 'शवपेट्या' म्हणत.

शवपेटीची रचना खास असते. उत्तर शाळेच्या गणितात बसतं आणि दोन ओळींत मावतं, त्यामुळे तक्रार केली तर 'सोपाच होता की' म्हणता येतं. पण ती युक्ती वीस मिनिटांत सुचणं जवळपास अशक्य, आणि सरळ वाटेने गेलं तर आकडेमोडीच्या चिखलात रुततो. तीन नमुने:

पहिला. पाया २ घेऊन ३ चा लॉग मोठा, की पाया ३ घेऊन ५ चा? दोन्ही दीडच्या आसपास, कॅल्क्युलेटर नाही. दोघांना एकमेकांशी न भिडवता मधे दीड उभा करायचा. ३ चा वर्ग ९, तो २ च्या घनापेक्षा (८) मोठा, म्हणून पहिला दीडपेक्षा मोठा. ५ चा वर्ग २५, तो ३ च्या घनापेक्षा (२७) लहान, म्हणून दुसरा दीडपेक्षा लहान. संपलं.

दुसरा. १२५ चा शंभरावा घात, अंक किती? १२५ म्हणजे १००० भागिले ८. तेव्हा संख्या = १० चा ३०० वा घात भागिले २ चा ३०० वा घात. २ चा दहावा घात १०२४, म्हणून २ चा ३०० वा घात = १० चा ९० वा घात गुणिले १.०२४ चा ३० वा घात. हा शेवटचा गुणक १ पेक्षा मोठा आहे हे उघड. तो १० च्या आत आहे हे दाखवायचं राहतं: तो (१ + १/४०) च्या ४० व्या घातापेक्षा लहान, आणि तो ३ पेक्षा लहान. म्हणून संख्या १० च्या २०९ व्या आणि २१० व्या घातांच्या मधे, अंक २१०. चूक कुठे होते? 'गुणक साधारण दोन' असं म्हणून पोरं पुढे जातात. 'साधारण' म्हणजे काय ते सिद्ध कर, इथे अडकवतात.

तिसरा. अशी सर्व फलनं फ शोधा की कुठल्याही क्ष आणि य साठी फ(क्ष) वजा फ(य) ही संख्या (क्ष − य) च्या वर्गापेक्षा मोठी नसते. क्ष-य ची अदलाबदल केली की कळतं, फरकाचं निरपेक्ष मूल्यही तेवढ्याच मर्यादेत आहे. आता बहुतेक जण भागाकार करून 'अवकलज शून्य, म्हणून स्थिर' म्हणतात. बरोबर आहे, पण अवकलज शून्य म्हणून फलन स्थिर, याची सिद्धता शाळेत शिकवत नाहीत, आणि परीक्षकाला पुढचा प्रश्न आयताच मिळतो. त्यापेक्षा क्ष ते य या अंतराचे न समान तुकडे करा. प्रत्येक तुकड्यावर फरक जास्तीत जास्त (अंतर/न) चा वर्ग. असे न तुकडे, म्हणून एकूण फरक अंतराचा वर्ग भागिले न. न हवा तेवढा वाढवा, फरक शून्य. फलन स्थिर. अवकलजाचं नावही घ्यावं लागत नाही.

गणितं नसतील तेव्हा व्याख्या. गणिती एडवर्ड फ्रेंकेल (आज बर्कलीत, १९८४ मध्ये इथेच नापास) सांगतो: वर्तुळाची व्याख्या विचारली. 'प्रतलातल्या, दिलेल्या बिंदूपासून समान अंतरावरच्या बिंदूंचा संच.' चूक. का, तर 'सर्व बिंदूंचा' म्हटलं नाही.

सुटायला राहिलेला एक ठेवून जातो: त्रिकोण अबक. पट्टी-कंपासने अब वर ट आणि बक वर ठ असे शोधा, की अट, टठ आणि ठक तिन्ही समान.

गोदाकाठ

एवढं उघड होतं तर तक्रार का नाही? आणि मेखमातच कशाला, दुसरीकडे का नाही जायचं?

तिरकस_रेघ

अपील होतं, पण तेही त्याच विभागापुढे. आणि शवपेटीचं उत्तर शालेय असल्यामुळे कागदावर अन्याय दिसतच नाही. त्यातही वालेरी सेन्देरोव्ह आणि बोरिस कानेव्स्की या दोघांनी परीक्षेबाहेर उभं राहून उमेदवारांकडून प्रश्न गोळा केले, मॉस्कोच्या गणिताच्या खास शाळांमधल्या मुलांची दोन गटांत वर्गवारी करून निकाल मांडले आणि १९८० मध्ये हस्तलिखित फिरवलं. त्यातून चित्र स्पष्ट होतं: ज्यांच्या घरात ज्यू कोणी नाही त्यांतले बहुतेक आत, दुसऱ्या गटातले मूठभर. १९८२ मध्ये दोघांना अटक. सेन्देरोव्हला सात वर्षं छावणी आणि वर पाच वर्षं हद्दपारी अशी शिक्षा झाली, १९८७ ला सुटका.

दुसरीकडे जाण्याचं वेळापत्रक होतं. मॉस्को विद्यापीठाच्या परीक्षा जुलैत, बाकीच्यांच्या ऑगस्टात. म्हणजे जुलैत आपटलं तरी एक संधी उरते. मुलग्यांना ती हुकली की अठरा पूर्ण होताच सैन्यात भरती, त्यामुळे दुसरी निवड धाडसाची करत नसत. ठरलेली जागा म्हणजे तेल आणि वायूची गुबकिन संस्था, टोपणनाव 'केरोसिन्का'. तिथल्या उपयोजित गणित विभागात ज्यू मुलांना घेत, आणि चांगली मुलं आयती मिळत. फ्रेंकेल तिथलाच. आणखी एक आडवाट आंतरराष्ट्रीय ऑलिम्पियाडची. राष्ट्रीय संघात निवड झाली की प्रवेश परीक्षाच नाही. ग्रिगोरी पेरेलमन १९८२ च्या बुडापेस्ट ऑलिम्पियाडमध्ये ४२ पैकी ४२ घेऊन लेनिनग्राड विद्यापीठात गेला तो या दाराने.

केरोसिन्कात इंजिनियरिंगपुरतं गणित मिळतं, खरं गणित नाही. ती उणीव बेला सुब्बोतोव्स्काया या गणितीने भरून काढली. १९७८ पासून तिच्या घरात, मग जागा पुरेना म्हणून केरोसिन्काच्या नाहीतर इतर संस्थांच्या रिकाम्या वर्गांत, शनिवारी वर्ग. शिकवायला दिमित्री फुक्स, अलेक्सी सोसिन्स्की, बोरिस फेइगिन, अलेक्झांडर शेन असे गणिती, फुकट. टिपणांच्या प्रती काढायचं काम तिचं, आणि मुलांसाठी सँडविच करायचंही. पदवी नाही, हजेरीपट नाही. हजेरीपट नसणं हीच सुरक्षितता. ज्यू नसलेलेही येत. नाव पडलं 'ज्यू लोकविद्यापीठ'. १९८२ च्या अटकांनंतर तिला केजीबीने चौकशीला बोलावलं. २३ सप्टेंबर १९८२ च्या रात्री ट्रकच्या धडकेत ती गेली. अधिकृत नोंद अपघात. वर्ग पुढे फार टिकले नाहीत.

तिची ओळख 'शाळा चालवणाऱ्या बाई' एवढीच दिली जाते, ते मला खटकतं. १९६१ चा तिचा निबंध संगणकशास्त्रात आजही शिकवतात. 'आणि', 'किंवा', 'नाही' यांनी बनवलेलं एखादं तार्किक सूत्र घ्या आणि त्यातलं कुठलंही एक चल यादृच्छिकपणे ० किंवा १ करून टाका. सूत्र लहान होतं, पण किती? त्या चलाच्या जागा तर जातातच. शिवाय 'क्ष आणि (काहीतरी)' मध्ये क्ष ० झाला की ते काहीतरीही मेलं. 'किंवा' असेल तर १ झाल्यावर तेच. म्हणजे दर जागेमागे निम्म्या शक्यतेने शेजारचाही एक जातो, एकूण दीड. हा 'दीड' घातांकात बसतो. न चलांपैकी १ ची संख्या सम की विषम हे सांगणाऱ्या सूत्राला किमान न च्या दीडाव्या घाताच्या प्रमाणात जागा लागतात, हे तिने त्यातून काढलं. १९७१ मध्ये ख्रापचेन्कोने ते न च्या वर्गापर्यंत नेलं, पण यादृच्छिक चलं भरून सूत्र झिजवण्याची पद्धत तिची.

स्वरमंडल

धाग्याचा सूर एकसुरी होतोय. १८८७ पासून १९८८ पर्यंत सरळ रेघ ओढू नका, मधे मोठी फट आहे. १९१७ मध्ये हंगामी सरकारने सगळे धार्मिक-वांशिक निर्बंध उठवले आणि नंतरची वीस वर्षं दारं खरोखर उघडी होती. यादीतली निम्मी नावं त्या फटीतून आलेली आहेत. लांडाऊ चौदाव्या वर्षी बाकूच्या विद्यापीठात. ओडेसात व्हायोलिनगुरू स्तोल्यार्स्कीची संगीतशाळा १९३३ मध्ये सरकारनेच काढली. ऑइस्त्राख त्याचाच शिष्य. भौतिकीवाल्या इओफेने १९१८ मध्ये पेत्रोग्राडला काढलेल्या संस्थेत खारितोन, किकोइन, झेल्दोविच वाढले. झेल्दोविच तर पदवी न घेताच, प्रयोगशाळेत मदतनीस म्हणून शिरला.

त्या काळात अडवणूक झाली तर ती वर्गावरून. गणिती गेल्फंडचंच घ्या. बाप गिरणीवाला म्हणजे 'बूर्झ्वा', म्हणून पोराची शाळा सुटली. सोळाव्या वर्षी मॉस्कोला आला, किरकोळ कामं केली, विद्यापीठात बाहेरून सेमिनारांना बसला, आणि एकोणिसाव्या वर्षी पदवी नसताना कोल्मोगोरोव्हचा संशोधक विद्यार्थी झाला. पुढे त्याचं सोमवारचं सेमिनार १९४३ पासून पन्नासेक वर्षं चाललं.

बरं, लांडाऊचं 'किमान'ही एक दारच. सैद्धांतिक भौतिकीच्या परीक्षांची माळ, पहिला पेपर गणिताचा, कोणीही फोन करून द्यायला यावं. आडनाव, पदवी, शिफारस काही लागत नाही. १९३४ ते १९६१ मध्ये ४३ जण पार झाले, त्यांची यादी त्याने स्वहस्ताने ठेवली होती. पहिला कोम्पानेयेत्स, दुसरा लिफ्शित्स. आपल्या एमएस्सीच्या पोरांना घाम फोडणारे 'लांडाऊ-लिफ्शित्स'चे खंड मूळ या परीक्षेचा अभ्यासक्रम.

फट बुजली ती युद्धानंतर. १३ जानेवारी १९४८, नट-दिग्दर्शक सोलोमन मिखोएल्सचा मिन्स्कमध्ये खून, वाहन-अपघात भासवून. १२ ऑगस्ट १९५२, ज्यू फॅसिस्टविरोधी समितीच्या खटल्यात १३ जणांना गोळ्या. त्या खटल्यातून जिवंत सुटली ती फक्त लिना श्टेर्न, रक्त आणि मेंदू यांमधल्या अडसरावर काम केलेली आणि विज्ञान अकादमीची पहिली स्त्री सदस्य. १३ जानेवारी १९५३, 'डॉक्टरांचा कट', म्हणजे मुख्यतः ज्यू डॉक्टरांवर पुढाऱ्यांना मारण्याच्या कटाचा खोटा आरोप. स्टालिन मार्चात गेला आणि ४ एप्रिलला डॉक्टर सुटले. गंमत (कडू) अशी की १९५० मध्ये इओफेला त्याच्याच संस्थेच्या संचालकपदावरून काढलं, आणि त्याच वेळी त्याचा शिष्य खारितोन सारोव्हमध्ये अणुबॉम्बच्या प्रकल्पाचा वैज्ञानिक प्रमुख होता, तो १९९२ पर्यंत राहिला. बॉम्बवाल्यांचा पाचवा रकाना वाचायचा नसतो.

तिरकस_रेघ

मान्य, फट आहे. मार्गुलिस आणि ड्रिनफेल्ड हे गणिती मात्र नंतरचे. मार्गुलिसला १९७८ चं फील्ड्स पदक (गणितातला सर्वोच्च मान) घ्यायला हेलसिंकीला जाऊ दिलं नाही, नोकरी गणित विभागात नाही तर माहिती-प्रेषणाच्या संस्थेत. ड्रिनफेल्डकडे मॉस्कोत राहायचा परवाना नाही, म्हणून आधी उफा, मग खारकिव्ह. १९९० चं फील्ड्स खारकिव्हहून.

तरंगलांबी

भारताशी दुसरा धागा: लिओनिद मंडेलस्टाम (वरचा कवी नव्हे, भौतिकीवाला, जन्म मोगिल्योव्ह १८७९) आणि ग्रिगोरी लांड्सबर्ग. मॉस्कोत पाऱ्याच्या दिव्याचा प्रकाश क्वार्ट्झच्या स्फटिकातून विखुरवत होते. शोधत होते वेगळंच: स्फटिकातल्या उष्णतेच्या ध्वनिलहरींमुळे वर्णपटातली रेषा किंचित फाटते का, हे. ते सरकणं इतकं बारीक की उपकरणाला दिसेना, पण त्याच्या शेकडो पट दूर एक फिकट रेषा उमटली. आधी ती दिव्याचा किंवा उपकरणाचा दोष समजून वगळायचा प्रयत्न झाला. पाऱ्याच्या बाष्पातून प्रकाश गाळून मूळ रेषा पुसली, नवी तशीच राहिली, म्हणजे ती विखुरण्यातूनच येते.

त्यांची निरीक्षणाची तारीख २१ फेब्रुवारी १९२८. कलकत्त्यात रामन-कृष्णन यांची २८ फेब्रुवारी, तीही द्रवांवर. पण रामन यांची टिपणं लगोलग नेचरमध्ये गेली, आणि मॉस्कोचा लेख मेमध्ये पाठवला, जुलैत छापून आला. उशीर का? पडताळणी हे एक कारण. दुसरं त्यांच्या शिष्यांनी नंतर सांगितलं: त्या दिवसांत मंडेलस्टामच्या जवळच्या नातेवाइकाला अटक झाली होती आणि तो त्याला वाचवायच्या खटपटीत होता. १९३० चं नोबेल एकट्या रामन यांना. रशियन पुस्तकांत 'रामन परिणाम' न म्हणता अजून 'संयोगी विखुरण' म्हणतात. माझं मत: सात दिवसांवरून कोण आधी हा वाद निरर्थक आहे. रामन वर्षानुवर्षं द्रवांतल्या विखुरण्यावर काम करत होते आणि हे काय आहे ते लगेच ओळखून त्यांनी जाहीर केलं. पण दोघांना विभागून देता आलं असतं.

लघुकोन

पट्टी-कंपासचं उत्तर देऊन टाकतो.

कोज्येच्या सूत्राने गेलात तर वर्गसमीकरण येतं आणि त्याची मुळं कंपासने काढत बसावं लागतं. नको. आधी चुकीच्या मापाची, पण बरोबर आकाराची आकृती काढायची. अब वर कुठलाही बिंदू च घ्या, अच ची लांबी द. कब वर क पासून द अंतरावर न खूण करा. न मधून अक ला समांतर रेषा. च केंद्र, द त्रिज्या असं वर्तुळ काढा. ते त्या रेषेला जिथे त्रिकोणाच्या बाजूने छेदेल तो म. आता अम जोडून वाढवा, बक ला जिथे भेटेल तो ठ. ठ मधून चम ला समांतर रेषा, अब ला जिथे भेटेल तो ट.

का चालतं: म मधून बक ला समांतर रेषा अक ला जिथे भेटते तिथवरचं अंतर बरोबर द आहे, कारण म न च्या समांतर रेषेवर आहे. म्हणजे अच, चम आणि ते तिसरं अंतर तिन्ही द. अ केंद्र धरून ही सगळी आकृती वाढवली की म बक वर जातो, आणि तिसरा बिंदू क वरच बसतो.

तिरकस_रेघ

बरोबर. फक्त छेदबिंदूचं नीट लिहा. अब ही बक च्या दुपटीपेक्षा लहान असेल तर वर्तुळ आणि रेषा यांचा एकच छेदबिंदू अब च्या आतल्या अंगाला पडतो, निवड सरळ. त्याहून मोठी असेल तर दोन्ही एकाच अंगाला पडू शकतात किंवा छेदतच नाहीत. आणि शेवटी ट खरोखर अब बाजूवर आहे, तिच्या वाढवलेल्या भागावर नाही, हे तपासायचं. तोंडी परीक्षेत हा मुद्दा सुटला असता तर तेवढ्यावरच बाहेर काढलं असतं.